प्लगइन इन्स्टॉल झाला, पण सॉफ्टवेअरच्या यादीत दिसत नाही: नेमके कोठे अडले ते शोधण्याचा क्रम

नाशिकमध्ये घरगुती स्टुडिओंचे संगणक लावून देण्याचे आणि बिघडले तर दुरुस्त करण्याचे काम मी बरीच वर्षे करीत आहे. पंचवटीतील भजनी मंडळे, सिडको-इंदिरानगरकडे ढोलपथकांसाठी ट्रॅक बनवणारी मुले, कॉलेज रोडवर स्वतःची गाणी रचणारे विद्यार्थी अशा सगळ्यांकडून एकच तक्रार पुनःपुन्हा ऐकू येते, आणि आषाढ लागून गणपतीच्या आरत्यांचे ध्वनिमुद्रण सुरू झाले की ती दिवसाआड येऊ लागते. "प्लगइन टाकला, इन्स्टॉल झाल्याचा मेसेजही आला, पण सॉफ्टवेअरमध्ये दिसतच नाही." (सॉफ्टवेअर म्हणजे येथे एफएल स्टुडिओ, रीपर, क्यूबेस, लॉजिक, एबलटन लाइव्ह यांसारखे संगीत रचण्याचे व मुद्रणाचे सॉफ्टवेअर, आणि प्लगइन म्हणजे त्यात जोडायचे वाद्य किंवा इफेक्ट.) सांगणारा पुढे हमखास असेही सांगतो की, तो प्लगइन त्याने तीन-चार वेळा काढून पुन्हा टाकला आहे. काढून टाकणे आणि पुन्हा टाकणे हा या दुखण्यावरचा पहिला उपाय नव्हे, आणि पुष्कळदा तो उपायच नसतो, हे पटावे म्हणून ही तपासणी क्रमाने लिहीत आहे.

लक्षणे

काय तपासायचे ते लक्षणावर ठरते. म्हणून संगणकाला हात लावण्यापूर्वी आपले लक्षण पुढीलपैकी कोणते आहे ते कागदावर लिहून ठेवावे.

– इतर प्लगइन दिसतात, नवा एकच दिसत नाही.
– कालपर्यंत चालणारा प्लगइन आज यादीतून गेला आहे, आणि जुना प्रोजेक्ट उघडला की तो सापडत नसल्याची सूचना येते.
– एका सॉफ्टवेअरमध्ये दिसतो, त्याच संगणकावरच्या दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये दिसत नाही.
– स्कॅन, म्हणजे सॉफ्टवेअरने प्लगइन शोधणे, एका नावावर येऊन थबकते, किंवा सॉफ्टवेअर तेथेच बंद पडते.
– बाहेरून आणलेले सगळेच प्लगइन एकदम दिसेनासे झाले आहेत.
– नाव दिसते, पण उघडल्यावर खिडकी रिकामी असते किंवा सॅम्पल (वाद्याचे मुद्रित ध्वनी) सापडत नसल्याचा मेसेज येतो.

यातील शेवटचे लक्षण खरे तर वेगळ्या दुखण्याचे आहे. तेथे प्लगइन सापडलेला असतो, हरवलेली असते ती त्याची सॅम्पलची फाइल. बाहेरची हार्ड डिस्क दुसऱ्या पोर्टला लावल्यामुळे तिचे ड्राइव्हचे अक्षर बदलले असेल, तर प्लगइनच्या स्वतःच्या सेटिंगमध्ये जाऊन सॅम्पलच्या फोल्डरची नवी जागा दाखवली की काम होते. सगळेच प्लगइन गेले असतील, तर बहुधा सॉफ्टवेअरच्या सेटिंगमधील फोल्डरचा पत्ता पुसला गेलेला असतो किंवा तो पर्याय बंद झालेला असतो. त्यासाठी खालची फोल्डरची तपासणी आधी करावी.

बाकीची लक्षणे समजण्यासाठी प्लगइन यादीत येतो कसा, हे माहीत असायला हवे. आधी इन्स्टॉलर प्लगइनची फाइल एखाद्या फोल्डरमध्ये ठेवतो. मग संगीताचे सॉफ्टवेअर त्याला सांगून ठेवलेल्या फोल्डरांमध्ये शोध घेते, सापडलेली प्रत्येक फाइल क्षणभर उघडून पाहते आणि ती नीट उघडली तर तिची नोंद आपल्या वहीत करते. नीट उघडली नाही, तर तीही नोंद करते, आणि पुढच्या वेळी तिच्या वाटेला जात नाही. शेवटी या वहीवरून आपल्यासमोर यादी मांडली जाते, आणि तीही गाळून, निवडून, गटांत विभागून. म्हणजे "दिसत नाही" या एका वाक्यामागे तीन निरनिराळे प्रश्न आहेत: फाइल योग्य जागी पोहोचली का, सॉफ्टवेअरने ती उघडून स्वीकारली का, आणि आपण यादीत योग्य ठिकाणी पाहत आहोत का. पुन्हा इन्स्टॉल केल्याने फक्त पहिल्या प्रश्नाचे उत्तर मिळते.

आधी यादी नीट पाहावी

हे सांगताना समोरच्याला राग येऊ शकतो, पण ही तपासणी दोन मिनिटांची आहे आणि माझ्याकडे आलेल्या बऱ्याच तक्रारी येथेच संपल्या आहेत. अनेक सॉफ्टवेअरांत प्लगइन बनवणाऱ्या कंपनीच्या नावाखाली लावलेले असतात. 'सीरम' हा सिंथेसायझर शोधणाऱ्याने 'एक्सफर रेकॉर्ड्स' या नावाखाली पाहायला हवे. वाद्याचा प्लगइन इफेक्टच्या यादीत येत नाही आणि इफेक्ट वाद्यांच्या यादीत येत नाही, त्यामुळे ऑडिओ ट्रॅकवर बसून सिंथेसायझर शोधणाऱ्याला तो सापडणार नाही. काही इफेक्ट फक्त स्टिरिओसाठी बनवलेले असतात आणि मोनो ट्रॅकवर त्यांचे नावच येत नाही.

एफएल स्टुडिओ वापरणाऱ्यांनी एक गोष्ट विशेष लक्षात ठेवावी. मिक्सरच्या खाचेवर क्लिक केल्यावर उघडणाऱ्या छोट्या यादीत फक्त आवडते म्हणून निवडलेले प्लगइन येतात. नवा प्लगइन स्कॅनमध्ये व्यवस्थित सापडलेला असतो, पण त्याच्यापुढील चांदणीवर खूण केलेली नसते, म्हणून तो त्या यादीत दिसत नाही. 'ऑप्शन्स' मेनूतील 'मॅनेज प्लगइन्स' उघडून तेथे नाव आहे का पाहावे, आणि असल्यास चांदणीवर क्लिक करावे.

तो प्लगइनच आहे का?

नाशिक ढोलाचे नाव सगळीकडे पोहोचल्यामुळे त्याचे सॅम्पलसंच भरपूर मिळतात, आणि पथकांसाठी ट्रॅक करणारी मुले ते हौसेने उतरवून घेतात. नाशिकरोडच्या एका मुलाने असाच एक संच घेतला होता आणि आठवडाभर तो एफएल स्टुडिओत शोधत होता. त्याने मला फोल्डर उघडून दाखवला, तेव्हा त्यात शेवटी 'एनकेआय' असलेल्या बारा-पंधरा फाइली होत्या आणि शेजारी 'सॅम्पल्स' नावाचा भलामोठा फोल्डर होता. हा प्लगइन नव्हता, 'कोन्टाक्ट' या सॅम्पलर प्लगइनमध्ये उघडायचा संच होता. सॉफ्टवेअरच्या यादीत अशा संचाचे नाव कधीच येणार नाही. तेथे कोन्टाक्ट येईल आणि त्याच्या आत हा संच उघडेल.

येथे आणखी एक मेख आहे. कोन्टाक्टचा मोफत मिळणारा 'प्लेयर' फक्त त्याच्यासाठी परवाना घेतलेले संच कायम चालवतो. इतर संच त्यात उघडतात, पण १५ मिनिटांनी थांबतात. त्या मुलाने पैसे भरून संच घेतला होता, पण पूर्ण कोन्टाक्टचा खर्च त्याच्या हिशेबात नव्हता. म्हणून घेण्यापूर्वी विक्रीच्या पानावरील 'आवश्यकता' हा भाग वाचावा. नुसत्या 'वेव्ह' फाइलींचा संच असेल, तर तो कोणत्याही सॅम्पलरमध्ये किंवा थेट ट्रॅकवर ओढून वापरता येतो.

याच तपासणीत झिप फाइलही पाहून घ्यावी. पुष्कळ मोफत प्लगइनना इन्स्टॉलर नसतो. झिप उघडून आतील फाइल आपणच योग्य फोल्डरमध्ये ठेवायची असते. ती 'डाउनलोड्स'मध्ये झिपच्या आतच राहिली, तर कोणतेही सॉफ्टवेअर तेथे जाऊन शोधणार नाही.

पूर्ण स्कॅन एकदा शांतपणे होऊ द्यावे

सॉफ्टवेअर पूर्ण बंद करावे, संगणक रीस्टार्ट करावा आणि स्कॅन आपल्या हाताने सुरू करावे. एफएल स्टुडिओत ते 'मॅनेज प्लगइन्स'मध्ये आहे, रीपरमध्ये 'प्रेफरन्सेस'च्या प्लगइन विभागात, क्यूबेसमध्ये 'स्टुडिओ' मेनूतील 'व्हीएसटी प्लगइन मॅनेजर'मध्ये, लॉजिकमध्ये त्याच्या 'प्लगइन मॅनेजर'मध्ये. एबलटन लाइव्हमध्ये 'रीस्कॅन'चे बटण 'ऑल्ट' कळ दाबून ठेवून क्लिक केले, तर ते आधीच्या नोंदी बाजूला ठेवून सर्व प्लगइन नव्याने तपासते. मॅकवर त्यासाठी 'ऑप्शन' कळ आहे.

स्कॅन एका नावावर थांबले की बहुतेक जण दोन मिनिटे वाट पाहतात आणि टास्क मॅनेजरमधून सॉफ्टवेअर बंद करतात. तसे करू नये. नव्या प्लगइनला पहिल्यांदा उघडताना नोंदणीची छोटी खिडकी दाखवायची असते, ती स्कॅनच्या खिडकीच्या मागे उघडते आणि उत्तराची वाट पाहत राहते. सॉफ्टवेअर अडकल्यासारखे वाटते, प्रत्यक्षात ते आपल्यासाठी थांबलेले असते. 'ऑल्ट' आणि 'टॅब' दाबून मागे आणखी एखादी खिडकी आहे का ते पाहावे. असेल तर तिला उत्तर द्यावे, म्हणजे स्कॅन आपोआप पुढे सरकते. मोठ्या संचांना पहिल्या स्कॅनला बराच वेळ लागतो, हेही ध्यानात ठेवावे.

फोल्डर आणि फाइलचा प्रकार

वर लिहिलेले तिसरे लक्षण, म्हणजे एका सॉफ्टवेअरमध्ये दिसणे आणि दुसऱ्यात न दिसणे, जवळजवळ नेहमी येथे सुटते. प्लगइनचे प्रकार अनेक आहेत आणि प्रत्येक सॉफ्टवेअर सगळे वाचत नाही. 'व्हीएसटी' स्टाइनबर्ग कंपनीने १९९६ मध्ये आणला, त्याची दुसरी आवृत्ती १९९९ मध्ये आणि तिसरी २००८ मध्ये आली. ॲपलचे लॉजिक आणि गॅरेजबँड फक्त 'ऑडिओ युनिट' वाचतात, आजचे प्रो टूल्स फक्त 'एएएक्स' वाचते. इन्स्टॉल करताना प्रकार निवडायच्या चौकटी येतात, त्या न वाचता पुढे गेले की हवा तो प्रकार राहून जाऊ शकतो. व्हीएसटी-२ तर आता मागे पडत चालला आहे. स्टाइनबर्गने आपल्या सॉफ्टवेअरमधून त्याचा आधार काढून घेणार असल्याचे २०२२ मध्येच जाहीर केले. त्यामुळे व्हीएसटी-३ उपलब्ध असेल, तर तोच घ्यावा.

विंडोजवर व्हीएसटी-३ ची जागा ठरलेली आहे: सी ड्राइव्हमधील 'प्रोग्रॅम फाइल्स', त्यात 'कॉमन फाइल्स', त्यात 'व्हीएसटी३'. ही फाइल दुसरीकडे हलवू नये. काही व्हीएसटी-३ दिसायला फाइलऐवजी फोल्डर असतात. त्यांच्या आतील फाइल बाहेर काढून ठेवली, तर प्लगइन चालेलच असे नाही. व्हीएसटी-२ ची फाइल मात्र 'डीएलएल' प्रकारची असते, तिला एकच अशी ठरलेली जागा नाही, आणि खरा गोंधळ तिच्याच बाबतीत होतो. एक इन्स्टॉलर ती 'व्हीएसटीप्लगइन्स' नावाच्या फोल्डरमध्ये ठेवतो, दुसरा 'स्टाइनबर्ग' नावाच्या फोल्डरच्या आत, तिसरा आपल्याच कंपनीच्या नावाच्या फोल्डरमध्ये. माझी पद्धत अशी आहे की, व्हीएसटी-२ साठी एकच फोल्डर ठरवायचा, प्रत्येक इन्स्टॉलच्या वेळी तोच पत्ता द्यायचा आणि तोच पत्ता सॉफ्टवेअरच्या सेटिंगमध्ये लिहायचा.

मॅकवर 'लायब्ररी' नावाचे दोन फोल्डर असतात, एक संपूर्ण संगणकाचा आणि एक आपल्या खात्याचा, आणि दोन्हींत 'ऑडिओ' व त्याखाली 'प्लगइन्स' असतो. आपल्या खात्याचा लायब्ररी फोल्डर लपवलेला असतो. फाइंडरच्या 'गो' मेनूत 'ऑप्शन' कळ दाबल्यावर तो दिसतो. दोन्ही ठिकाणी पाहावे. घरात दोघांची खाती असतील आणि प्लगइन एकाच्याच खात्यात बसला असेल, तर दुसऱ्याला तो दिसणार नाही.

नाकारलेल्यांची यादी

माझ्या अनुभवात सर्वांत जास्त वेळ वाया जातो तो या तपासणीपर्यंत न पोहोचल्यामुळे, म्हणून ती थोडी विस्ताराने सांगतो.

पंचवटीतील एका मंडळात पेटी वाजवणारे काका ध्वनिमुद्रणाचे कामही स्वतःच पाहतात. श्रावणात एकदा त्यांचा फोन आला की, तानपुऱ्याचा प्लगइन गेला, पाच वेळा टाकून पाहिला तरी येत नाही. त्यांच्याकडे रीपर आहे. मी विचारले, "काका, तो गेला त्या दिवशी नेमकं काय झालं होतं?"

ते म्हणाले, "काही नाही रे, लाइट गेली होती. नावांची ती यादी पळत होती बघ, तानपुऱ्यावर आली आणि सगळं बंद. यूपीएसची बॅटरी बसली आहे, तुला मागेच सांगितलं होतं."

मी त्यांच्या घरी जाऊन रीपरच्या 'ऑप्शन्स' मेनूतून त्याचा सेटिंगचा फोल्डर उघडला. त्यात व्हीएसटी प्लगइनची नोंद ठेवणारी एक साधी मजकुराची फाइल असते, ती नोटपॅडमध्ये पाहिली. प्रत्येक ओळीत आधी फाइलचे नाव, मग काही आकडे आणि शेवटी स्वल्पविरामानंतर प्लगइनचे नाव व कंपनी असे होते. फक्त तानपुऱ्याची ओळ आकड्यांपाशीच तुटलेली होती, तिला पुढे नाव नव्हते. रीपरच्या दृष्टीने ही फाइल उघडताना गडबड झाली होती, म्हणून ते तिला पुन्हा हात लावत नव्हते. काकांनी पाच वेळा टाकलेली फाइल त्याच आवृत्तीची, तीच तारीख असलेली होती, त्यामुळे नोंद बदलण्याचे रीपरला काही कारणच नव्हते. मी नोंदी पुसून पूर्ण स्कॅन करण्याचा पर्याय निवडला. यादी पळाली, तानपुऱ्यावरून पुढे गेली आणि काकांनी लगेच काळी चारचा षड्ज लावून पाहिला. दुसऱ्या दिवशी त्यांनी यूपीएसची बॅटरीही बदलून घेतली.

अशी वही कोणत्या ना कोणत्या रूपात सगळीकडे असते. क्यूबेसच्या प्लगइन मॅनेजरमध्ये 'ब्लॉकलिस्ट' असा स्वतंत्र भाग आहे आणि त्यातील प्लगइन निवडून पुन्हा सुरू करता येतो. एफएल स्टुडिओत चूक आढळलेले प्लगइन पुन्हा तपासण्याचा पर्याय 'मॅनेज प्लगइन्स'मध्येच आहे. लॉजिकच्या प्लगइन मॅनेजरमध्ये प्रत्येक नावापुढे तपासणीचा निकाल लिहिलेला असतो. नापास झालेले नाव निवडून 'रीसेट अँड रीस्कॅन सिलेक्शन' करावे.

नाकारलेला प्लगइन एकदा पुन्हा स्वीकारून पाहावा. दुसऱ्यांदाही तो सॉफ्टवेअर बंद पाडत असेल, तर नकाराला खरे कारण आहे असे समजून पुढे जावे, पुनःपुन्हा बळजबरी करू नये. आणि नोंदींची फाइल पुसण्यापूर्वी संपूर्ण सेटिंगच्या फोल्डरची एक प्रत डेस्कटॉपवर घ्यावी.

परवाना

पैसे देऊन घेतलेल्या प्लगइनच्या बाबतीत क्रम महत्त्वाचा आहे: आधी इन्स्टॉल, मग कंपनीच्या किंवा आयलॉक या परवाने सांभाळणाऱ्या सेवेच्या परवाना व्यवस्थापकात जाऊन सक्रिय करणे, आणि त्यानंतरच संगीताचे सॉफ्टवेअर उघडणे. परवाना नसताना स्कॅन झाले, तर काही प्लगइन उघडण्यास नकार देतात आणि वर सांगितलेल्या वहीत नापास म्हणून नोंदले जातात. नंतर परवाना आला तरी नोंद तशीच राहते. यूएसबीची आयलॉक किल्ली असेल तर ती सॉफ्टवेअर उघडण्याआधी, आणि शक्यतो हबऐवजी थेट संगणकाला लावावी. परवाना इंटरनेटवरून घेतला जात असेल, तर गावाकडे ध्वनिमुद्रणाला जाण्यापूर्वी तेथे रेंज आहे का ते विचारून घ्यावे.

३२ बिट, ६४ बिट आणि मॅकचे नवे प्रोसेसर

जुने मोफत प्लगइन पुष्कळदा ३२ बिटचे, म्हणजे जुन्या पद्धतीच्या संगणकांसाठी बनवलेले, असतात. क्यूबेसने २०१६ मध्ये आलेल्या नवव्या आवृत्तीपासून, लाइव्हने २०१८ मधील दहाव्या आवृत्तीपासून आणि मॅकने २०१९ च्या कॅटलिनापासून ३२ बिटला निरोप दिला. विंडोजवर रीपर आणि एफएल स्टुडिओ असे प्लगइन मध्ये पूल घालून चालवतात, म्हणून तोच प्लगइन तेथे दिसतो आणि इतरत्र दिसत नाही. इन्स्टॉल होताना पत्त्यात 'एक्स८६' असलेला 'प्रोग्रॅम फाइल्स' आला, तर तो ३२ बिटचा असण्याची शक्यता मोठी. त्याची ६४ बिट आवृत्ती शोधावी, आणि नसेल तर तशाच कामाचा दुसरा प्लगइन घ्यावा. पुलाच्या भरवशावर मंडळाचे अख्खे काम उभे करू नये.

मॅकवर २०२० पासून ॲपलचे स्वतःचे प्रोसेसर आले. इंटेलसाठी बनवलेला प्लगइन नव्या प्रोसेसरसाठी चालू असलेल्या लाइव्हमध्ये किंवा क्यूबेसमध्ये दिसत नाही. फाइंडरमध्ये सॉफ्टवेअरच्या 'गेट इन्फो'त जाऊन ते 'रोझेटा'तून, म्हणजे इंटेलसाठीचे प्रोग्रॅम नव्या प्रोसेसरवर चालवणाऱ्या सोयीतून, उघडण्याची खूण करावी आणि पुन्हा स्कॅन करावे. दिसला, तर कारण सापडले. कायमचा उपाय मात्र प्लगइनची नवी आवृत्ती घेणे हाच आहे. मॅकने अनोळखी प्लगइन अडवला असेल, तर 'प्रायव्हसी अँड सिक्युरिटी'मध्ये त्याची सूचना आणि परवानगीचे बटण दिसते.

प्लगइन स्वतः जिवंत आहे का?

अनेक वाद्य-प्लगइनसोबत स्वतंत्रपणे चालणारी आवृत्तीही येते. संगीताचे सॉफ्टवेअर बंद ठेवून ती उघडावी. ती चालली, सूर वाजले, तर परवाना आणि मूळ इन्स्टॉल दोन्ही बहुतांशी ठीक आहेत आणि दोष स्कॅनच्या किंवा फोल्डरच्या बाजूला आहे. ती आवृत्तीही उघडली नाही, तर संगीताच्या सॉफ्टवेअरमध्ये कितीही शोधले तरी काही हाती लागणार नाही. स्वतंत्र आवृत्ती नसल्यास दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये पाहावे. रीपर ६० दिवस विनामूल्य वापरून पाहता येते, एवढ्या कामासाठी ते पुरते.

विंडोजवर ही आवृत्ती उघडताना 'एमएसव्हीसीपी१४० डीएलएल सापडत नाही' अशा अर्थाची चौकट आली, तर मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल' टाकावे. स्कॅनमध्ये हीच चूक कित्येकदा चौकट न दाखवता गिळली जाते आणि प्लगइन नुसता गायब राहतो. त्यानंतर 'विंडोज सिक्युरिटी'तील 'प्रोटेक्शन हिस्टरी' पाहावी; तेथे प्लगइनची फाइल अडकवून ठेवलेली असू शकते. ती सोडवावी, पण फाइल बनवणाऱ्याच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून घेतली असेल तरच. कुलूप तोडून वाटलेल्या प्लगइनवर मी काम करीत नाही, आणि इतरांनीही करू नये. त्यात काय घुसवलेले आहे हे सांगता येत नाही, आणि ज्या संगणकावर मंडळाची वर्षानुवर्षांची मुद्रणे आहेत, त्याच्याशी असा खेळ परवडत नाही.

आपल्याकडे विशेष आढळणारी आणखी एक गोष्ट येथे नोंदवतो. विंडोजचे खाते देवनागरीत नाव लिहून उघडलेले असेल, तर त्या खात्याचा फोल्डरही देवनागरी नावाचा होऊ शकतो. काही जुन्या प्लगइनना असा पत्ता वाचता येत नाही आणि ते आपली सेटिंग न सापडल्याने बंद पडतात. मातृभाषेत नाव लिहिणे ही चूक नव्हे, दोष प्लगइनचा आहे. पण उपाय आपल्यालाच करावा लागतो. चालू खात्याच्या फोल्डरचे नाव बदलायला जाऊ नये, त्याने इतर सॉफ्टवेअर बिघडतात. रोमन अक्षरांत नाव असलेले दुसरे खाते उघडून तेथे प्लगइन चालतो का ते पाहावे. तसेच 'डॉक्युमेंट्स' फोल्डर वनड्राइव्हने ऑनलाइन नेलेला असेल, तर त्यातील प्लगइनच्या फाइली संगणकावर कायम राहतील अशी खूण करावी.

आता पुन्हा इन्स्टॉल

इतके करूनही सापडला नाही, तरच पुन्हा इन्स्टॉल करावे, आणि तेही नीट. विंडोजच्या सेटिंगमधून प्लगइन काढावा, त्याची फाइल खरोखर गेली का ते फोल्डरमध्ये पाहावे, संगणक रीस्टार्ट करावा, संकेतस्थळावरून इन्स्टॉलर नव्याने उतरवावा, ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवावा, परवाना सक्रिय करावा आणि सॉफ्टवेअरच्या जुन्या नोंदी पुसून पूर्ण स्कॅन करावे. आपले प्रीसेट, म्हणजे जतन केलेल्या जुळवण्या, आधी दुसरीकडे ठेवावेत, कारण काढताना ते जाऊ शकतात.

कोठे थांबावे

रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या अंतर्गत सेटिंगच्या नोंदवहीत, हाताने बदल करण्याची सूचना कोणी केली आणि आपण ते काम पूर्वी केलेले नसेल, तर थांबावे. प्लगइनबरोबर इतर सॉफ्टवेअरही बंद पडत असतील, निळा पडदा येत असेल, किंवा साध्या फाइली उघडायलाही डिस्क वेळ लावत असेल अथवा खडखड आवाज करीत असेल, तर हे प्लगइनचे दुखणे राहिलेले नाही. अशा वेळी पुन्हा स्कॅन किंवा इन्स्टॉल करू नये. आधी मुद्रणांची प्रत दुसऱ्या डिस्कवर घ्यावी, आणि डिस्क खडखडत असेल तर प्रत घेण्याचाही प्रयत्न न करता संगणक बंद करून जाणकार तंत्रज्ञाकडे न्यावा. महाविद्यालयाचा किंवा कार्यालयाचा संगणक असेल, तर ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार ज्याच्याकडे आहेत त्यालाच सांगावे. उद्या मुद्रण द्यायचे असेल, तर आज रात्री विंडोज नव्याने टाकू नये. तेवढा एक ट्रॅक दुसऱ्याच्या संगणकावर वाजवून त्याची ऑडिओ फाइल आणावी आणि काम पूर्ण करावे.

स्वतंत्र आवृत्ती चालते, पण स्वच्छ इन्स्टॉलनंतरही दोन वेगळ्या सॉफ्टवेअरांत प्लगइन दिसत नाही, अशी स्थिती आली की तो प्रश्न प्लगइन बनवणाऱ्यांच्या मदतकेंद्राचा आहे. त्यांना नुसते "दिसत नाही" असे लिहिले, तर उत्तरात प्रश्नच येतात आणि आठवडा जातो. विंडोजची किंवा मॅकची नेमकी आवृत्ती, प्रोसेसर, संगीताच्या सॉफ्टवेअरचे नाव व आवृत्ती, प्लगइनची आवृत्ती व प्रकार, फाइल प्रत्यक्ष ज्या फोल्डरमध्ये आहे त्याचे छायाचित्र, स्कॅनच्या नोंदीची फाइल, आणि वरीलपैकी कोणत्या तपासण्या केल्या व प्रत्येकीत काय आढळले, एवढे पहिल्याच पत्रात लिहावे. सुरुवातीला लक्षण लिहून ठेवलेला कागद येथे कामी येतो.